गरोदरपणातील मधुमेह आणि वाटेत हरवणाऱ्या दोन तपासण्या

मधुमेह हा शब्द आता जत तालुक्यातील वाड्यावस्त्यांवरही कोणाला नवा राहिलेला नाही. घर मराठी बोलणारे असो की कन्नड, 'शुगर' हे नाव दोन्हीकडे रूढ झाले आहे. परंतु हा आजार पन्नाशी ओलांडलेल्या, बैठे काम करणाऱ्या, स्थूल माणसाचा, ही समजूत अद्याप पक्की आहे. विशीतील, शेतात राबणाऱ्या, अंगाने बारीक अशा सुनेची साखर गरोदरपणात वाढली आहे असे सांगितले, की घरातील वडीलधाऱ्यांच्या चेहऱ्यावर प्रथम अविश्वास उमटतो. त्यापाठोपाठ प्रश्न येतो, 'ती गोड फारसे खातच नाही, मग हे आले कोठून?' प्रश्न रास्त आहे. त्याचे उत्तर केवळ गोड खाण्यात सापडत नाही. ते गरोदरपणाच्या स्वभावातच आहे. रुग्णांच्या नातेवाइकांना आणि या रुग्णालयाच्या पाठीशी उभ्या राहणाऱ्या हितचिंतकांना ते नीट उमगावे, एवढ्याच हेतूने हा लेख लिहिला आहे.

शेवटच्या शेतापर्यंत पाणी

आपण भाकरी खावी, भात खावा किंवा गूळ खावा. पचनानंतर त्यातील पिष्टमय आणि गोड भागाचे बहुतांशी ग्लुकोजमध्ये रूपांतर होऊन ते रक्तात येते. रक्तातील हे ग्लुकोज स्नायूंच्या व चरबीच्या पेशींत शिरण्यासाठी इन्सुलिन लागते. ते स्वादुपिंडात तयार होते. पाटाच्या पाण्यावर दारे धरणारा गडी ज्याप्रमाणे एकेका वाफ्याचे तोंड उघडून पाणी आत घेतो, तसेच काहीसे हे काम आहे. गडी असेल आणि वाफ्याची तोंडे नीट उघडत असतील, तर पाटात पाणी तुंबत नाही.

गरोदरपणाच्या पहिल्या तीन महिन्यांत या व्यवस्थेत फारसा बिघाड नसतो. उलट उपाशीपोटीची साखर नेहमीपेक्षा थोडी कमीच भरते. साधारण पाचव्या महिन्यापासून चित्र पालटू लागते. गर्भाला पोसणारी वार आता चांगली वाढलेली असते आणि ती स्वतःची संप्रेरके आईच्या रक्तात सोडू लागते. या संप्रेरकांमुळे आईच्या पेशी इन्सुलिनला पूर्वीसारखा प्रतिसाद देईनाशा होतात. यालाच वैद्यकात इन्सुलिन-प्रतिरोध म्हणतात. वरच्या शेतांची तोंडे अर्धवट लावून घेतली, तरच पाणी शेवटच्या शेतापर्यंत पोहोचते. इथे शेवटचे शेत म्हणजे गर्भ. आईच्या पेशींनी साखर कमी घ्यावी आणि ती बाळाला मिळावी, अशीच निसर्गाची योजना आहे. म्हणून प्रत्येक गरोदर स्त्रीत, ती कितीही निरोगी असली तरी, काही प्रमाणात इन्सुलिन-प्रतिरोध निर्माण होतो. तो दोष मानण्याचे कारण नाही.

दोष उत्पन्न होतो तो पुढच्या पायरीवर. हा अडथळा ओलांडण्यासाठी आईच्या स्वादुपिंडाला नेहमीच्या दुप्पट-तिप्पट इन्सुलिन तयार करावे लागते. बहुतेक स्त्रियांचे स्वादुपिंड हा भार सहज उचलते आणि साखर मर्यादेत राहते. ज्यांच्या स्वादुपिंडाची शक्ती मुळातच बेताची आहे, किंवा ज्यांच्या शरीरात इन्सुलिन-प्रतिरोध आधीपासूनच होता, त्यांची साखर वाढते. हाच गरोदरपणातील मधुमेह. बाळंत होऊन वार पडली, की हा अडथळा दूर होतो आणि बहुतेक स्त्रियांची साखर अल्पावधीत पूर्वपदावर येते. म्हणूनच 'बाळंतपण झाले, शुगर गेली' असे घरोघरी म्हटले जाते. हे म्हणणे किती अपुरे आहे, ते पुढे पाहू.

बाळाच्या बाजूने

आईच्या रक्तातील ग्लुकोज वारेतून बाळाकडे जाते. आईचे इन्सुलिन मात्र जात नाही. या एका गोष्टीत पुढच्या बहुतेक गुंतागुंतीचे मूळ आहे. कोपनहेगनचे डॉ. यॉर्गन पेडरसन यांनी विसाव्या शतकाच्या मध्यावर ही साखळी मांडली. आईची साखर वाढली की बाळाची साखर वाढते आणि ती आवरण्यासाठी बाळाचे इवलेसे स्वादुपिंड जास्त इन्सुलिन तयार करू लागते. गर्भात इन्सुलिन हे वाढीचे संप्रेरक म्हणूनही काम करते. साहजिकच बाळाच्या अंगावर, विशेषतः खांद्यांवर आणि पोटावर, चरबी साठते. अशा बाळाचे डोके बाहेर येऊन खांदे अडकण्याचा प्रसंग हा प्रसूतिगृहातील सर्वांत कठीण प्रसंगांपैकी एक होय. नाळ कापल्यावर आईकडून येणारी साखर एकदम थांबते, पण बाळाचे इन्सुलिन तितक्या लवकर कमी होत नाही; त्यामुळे जन्मानंतरच्या पहिल्या काही तासांत बाळाची साखर धोकादायक पातळीपर्यंत उतरू शकते. अशा बाळाला पहिल्या तासातच आईचे दूध पाजावे, असा जो आग्रह परिचारिका धरतात, त्यामागे हे कारण आहे. मध किंवा गुळाचे पाणी चाटवणे हा त्याला पर्याय नव्हे. कावीळ, श्वासाचा त्रास, आईचा रक्तदाब वाढणे, पोटातील पाणी जास्त होणे आणि क्वचित शेवटच्या दिवसांत पोटातच बाळ दगावणे, हे धोकेही वाढलेल्या साखरेबरोबर येतात.

मोठे, गुबगुबीत बाळ ही आपल्याकडे कौतुकाची गोष्ट. 'साडेचार किलोचा मुलगा झाला' असे पेढे वाटताना सांगितले जाते. त्या घरी आईच्या साखरेची चौकशी करणे त्या वेळी अप्रिय वाटले, तरी ती करायलाच हवी.

प्रश्न केवळ जन्मापुरता नाही. अमेरिकेतील ॲरिझोना प्रांतात पिमा या आदिवासी समाजाचा दीर्घकाळ अभ्यास झाला. त्यात एकाच आईची दोन प्रकारची मुले ताडून पाहिली गेली. आईला मधुमेह होण्यापूर्वी जन्मलेली आणि मधुमेह झाल्यावर जन्मलेली. सन २००० मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार, नंतर जन्मलेल्या भावंडांत मधुमेहाचे प्रमाण स्पष्टपणे अधिक होते. आईवडील तेच असताना हा फरक पडतो, याचा अर्थ गर्भातील वातावरण आनुवंशिकतेखेरीज स्वतःचा असा ठसा उमटवते.

पुण्याजवळची सहा गावे

बारीक अंगाच्या सुनेला मधुमेह कसा, या प्रश्नाचे उत्तर शोधण्यासाठी दूर जाण्याची गरज नाही. पुण्याच्या के. ई. एम. रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९३ मध्ये पुण्याजवळच्या सहा गावांत गरोदर स्त्रियांच्या आहाराचा अभ्यास सुरू केला. त्या स्त्रिया आपल्याकडच्या स्त्रियांसारख्याच होत्या. शेतात राबणाऱ्या आणि बेताचे खाणाऱ्या. त्यांची बाळे सरासरी सुमारे पावणेतीन किलोची भरली, तर इंग्लंडमधील साउथॅम्प्टनची बाळे साडेतीन किलोची. पुण्याकडची बाळे लहान होती यात नवल नव्हते. नवल पुढेच होते. या बाळांचे स्नायू आणि पोटातील अवयव कमी भरले होते, पण पाठीवरच्या त्वचेखालची चरबी त्या मानाने जवळपास टिकून होती. दिसायला किडकिडीत, पण अंगात चरबीचे प्रमाण जास्त, असे हे भारतीय बाळ. मोठेपणी कमी वजनातही आपल्या लोकांना मधुमेह का होतो, याचा एक धागा असा पाळण्यापर्यंत जातो.

त्याच गावांतील मुले अठरा वर्षांची झाल्यावर पुन्हा तपासली गेली. तेव्हा दर तीन मुलग्यांपैकी एकाहून अधिक जणांच्या रक्तशर्करेत बिघाड आढळला. मुलींत हे प्रमाण त्याच्या निम्म्याच्या आसपास होते. बिघाड असलेल्यांतील सुमारे निम्मे अंगाने कृशच होते. तेव्हा 'आमच्या सुनेच्या अंगावर मांस नाही, तिला कशाला तपासता' हे म्हणणे महाराष्ट्राच्या मातीतील पुराव्यापुढे टिकत नाही.

याच अभ्यासाने ब-१२ या जीवनसत्त्वाकडेही लक्ष वेधले. त्या सहा गावांतील सुमारे दोन तृतीयांश मातांच्या रक्तात ते कमी आढळले. ज्या मातांत ब-१२ कमी पण फॉलिक आम्ल भरपूर होते, त्यांच्या मुलांत सहाव्या वर्षी इन्सुलिन-प्रतिरोध सर्वाधिक होता, असे २००८ मध्ये प्रसिद्ध झाले. यावरून फॉलिक आम्लाच्या गोळ्या बंद करू नयेत. बाळाच्या मज्जारज्जूसाठी त्या आवश्यकच आहेत. परंतु घरचे दूध डेअरीला आणि सुनेला कोरा चहा, ही रीत मात्र बदलावी. ब-१२ वनस्पतींत नसते. ते दूध, दही, अंडी, मांस आणि मासे यांतून मिळते.

दोन तासांची तपासणी

गरोदरपणातील मधुमेह बहुधा कोणतेही लक्षण दाखवत नाही. तहान, थकवा, वारंवार लघवी या तक्रारी गरोदरपणात सर्वांनाच असतात. म्हणून जिला धोका वाटतो तिचीच तपासणी, असे न करता प्रत्येकीची तपासणी करावी लागते. चेन्नईचे डॉ. व्ही. शेषय्या आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तामिळनाडूत हजारो गरोदर स्त्रियांची तपासणी केली. त्यांच्या २००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आकड्यांनुसार हा मधुमेह शहरात १७.८ टक्के, निमशहरी भागात १३.८ टक्के आणि खेड्यांत ९.९ टक्के स्त्रियांत आढळला. खेड्यातही दहांत एक, असा याचा सरळ अर्थ.

पाश्चात्त्य पद्धतीत ही तपासणी रात्रभर उपाशी राहून करतात. आपल्याकडे मुचंडीहून किंवा उमदीकडून सकाळच्या एस.टी.ने निघालेली स्त्री उपाशीपोटी येईलच असे नाही, आणि 'उद्या उपाशी या' म्हटले तर ती उद्या येईलच असेही नाही. हे ओळखून शेषय्या यांनी साधी पद्धत पुढे आणली. पोटात अन्न असो वा नसो, ७५ ग्रॅम ग्लुकोज सुमारे ३०० मिलिलिटर पाण्यातून पाच ते दहा मिनिटांत प्यावयाचे आणि बरोबर दोन तासांनी रक्त तपासायचे. साखर १४० मिलिग्रॅम किंवा त्याहून अधिक भरली, तर गरोदरपणातील मधुमेह समजावा. केंद्र शासनाने २०१४ च्या राष्ट्रीय मार्गदर्शक सूचनांत हीच पद्धत स्वीकारली. पहिली तपासणी नोंदणीच्या वेळी आणि ती निर्दोष असल्यास दुसरी २४ ते २८ आठवड्यांच्या दरम्यान, असा क्रम त्यात घालून दिलेला आहे. प्यायल्यापासून अर्ध्या तासाच्या आत उलटी झाली, तर तपासणी दुसऱ्या दिवशी पुन्हा करावी लागते.

१४० या आकड्याला रेषा मानले, तरी धोका त्या रेषेपाशी अचानक उभा राहत नाही. नऊ देशांतील सुमारे २५ हजार स्त्रियांच्या २००८ मधील अभ्यासात साखर जसजशी चढते तसतसा धोका चढत जातो, असे दिसले. उपचारांचा उपयोग होतो का, याचे उत्तर त्याआधी २००५ मध्येच ऑस्ट्रेलियातील सुमारे हजार स्त्रियांच्या चाचणीने दिले होते. आहार, साखरेवर देखरेख आणि गरजेनुसार इन्सुलिन दिलेल्या गटात बाळांच्या गंभीर गुंतागुंती चार टक्क्यांवरून एक टक्क्यावर आल्या.

येथे देणगीदारांच्या विचारार्थ एक गोष्ट नमूद करावीशी वाटते. या तपासणीस महागडे यंत्र लागत नाही. ग्लुकोजची पुडी, मोजलेले पाणी, ग्लुकोमीटर आणि त्याची पट्टी एवढ्यावर ती होते. अवघड असतात ते मधले दोन तास. मळमळ होत असलेल्या सात-आठ स्त्रियांना सावलीत पाठ टेकून बसता येईल असा बाक, पिण्याचे पाणी, जवळ स्वच्छतागृह आणि घड्याळाकडे लक्ष ठेवणारी एक परिचारिका एवढे असले, की स्त्री अर्ध्यातून उठून एस.टी. गाठायला जात नाही. बाक भेट देण्यात फारसा गाजावाजा होत नाही, हे खरे.

सातवा महिना

आता या लेखाच्या मुख्य मुद्द्याकडे येऊ. पहिली तपासणी सासरी होते. आशाताई पाठपुरावा करतात आणि माता व बाल संरक्षण कार्डावर नोंद पडते. दुसरी तपासणी २४ ते २८ आठवड्यांत, म्हणजे सहावा संपता-संपता आणि सातव्यात. वारेची संप्रेरके याच काळात जोर धरतात. पहिल्या तपासणीत निर्दोष ठरलेल्या अनेकींचा मधुमेह याच वेळी उघड होतो. आणि नेमके याच वेळी आपल्याकडे डोहाळजेवण होऊन लेक पहिल्या बाळंतपणाला माहेरी जाते. ज्या आठवड्यात तपासणी व्हावयाची, त्या आठवड्यात ती एका गावच्या यादीतून निघालेली असते आणि दुसऱ्या गावच्या यादीत तिचे नाव अजून चढलेले नसते.

जतसारख्या सीमेवरच्या तालुक्यात ही अडचण दुप्पट होते. इथल्या कित्येक सुनांचे माहेर विजयपूर किंवा अथणीकडे आहे आणि इथल्या लेकी तिकडे दिलेल्या आहेत. तिकडून बाळंतपणाला आलेल्या लेकीजवळ कर्नाटकचे 'तायी कार्ड' असते. त्यावरची कन्नड नोंद वाचणारे कोणी वेळेवर भेटले नाही, तर मागची तपासणी झाली की नाही हेच कळत नाही. ऊसतोडीला जाणाऱ्या कुटुंबांची आणखी निराळी गत. दिवाळीच्या सुमारास टोळ्या निघतात त्या उन्हाळ्याच्या तोंडाशी परततात. एखादी स्त्री चौथ्या महिन्यात गाव सोडते आणि नवव्या महिन्यात परतते; मधला सगळा काळ कारखान्याच्या फडावरच्या खोपीत गेलेला असतो.

यावर मोठा उपाय सुचवण्याचा आव येथे आणावयाचा नाही. घरच्यांच्या हाती असलेली गोष्ट एवढीच, की डोहाळजेवणाची तारीख ठरवताना तपासणीची तारीखही ठरवावी आणि ती झाल्यावरच लेकीची पाठवणी करावी. कार्ड ट्रंकेत राहू नये. ते तिच्या पिशवीत असावे. टोळीबरोबर जाणाऱ्या स्त्रीने कारखान्याजवळच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात कार्ड दाखवून ही तपासणी मागावी. ती तिथेही होऊ शकते. पण मागितल्याशिवाय तिथल्या कोणालाही तिचा महिना कळणार नाही.

ताटात काय

मधुमेह निघाला म्हणजे लगेच इन्सुलिन, असे नाही. प्रथम दोन आठवडे आहार आणि चालणे यांवर भर देतात. त्यानंतरही जेवणानंतर दोन तासांची साखर १२० किंवा त्याहून अधिक राहिली, तर औषध किंवा इन्सुलिन सुरू करतात. इन्सुलिनच्या सुईची धास्ती पुष्कळांना असते. परंतु ते वार ओलांडून बाळाकडे जात नाही, हे वर आलेच आहे.

'दोन जिवांची आहेस, दोघांचे खा' हा आग्रह प्रेमाचा, पण तो पाळला तर साखर हमखास वाढते. त्याच्या उलट टोकाला भीतीने उपाशी राहणेही बाळाला घातक. तीन बेताची जेवणे आणि मध्ये दोन-तीन वेळा थोडे खाणे, हा सुवर्णमध्य. शाळूची भाकरी गव्हाच्या किंवा भाताच्या तुलनेत बरी समजली जाते, म्हणून ती कितीही चालते असे मात्र नव्हे. भाकरीबरोबर मटकीची किंवा हुलग्याची उसळ, तुरीचे वरण, मेथी-तांदळी-चाकवत यांसारखी भाजी आणि वाटीभर ताक असावे, म्हणजे साखर हळूहळू चढते. गूळ नैसर्गिक आहे म्हणून निर्धोक, हा समज आपल्या भागात फार खोल रुजला आहे. रक्तात गेल्यावर गूळ आणि साखर यांत फरक उरत नाही. दिवसातून पाच-सहा वेळा होणारा गोड चहा हाच पुष्कळदा खरा गुन्हेगार असतो. आपल्या जिल्ह्याचा बेदाणा ताकदीसाठी मुठीमुठीने दिला जातो, तो या दिवसांत आवरता घ्यावा. डाळिंबाचे थोडे दाणे चालतात, गाळलेला रस नको. उपवासाची साबुदाण्याची खिचडी म्हणजे जवळजवळ निव्वळ पिष्ट. गरोदर लेकीने उपवास धरू नये असे सासूबाईंनीच सांगितले, तर ते अधिक मानले जाते. जेवणानंतर पंधरा-वीस मिनिटे अंगणात फेऱ्या घालाव्यात. दिवसभर रानात काम झाले असले, तरी जेवणानंतरच्या चालण्याचा लाभ वेगळा आहे.

दीड महिन्यानंतर

हरवणारी दुसरी तपासणी बाळंतपणानंतरची. गरोदरपणातील मधुमेहाचे निकष बॉस्टनच्या डॉ. जॉन ओसुलिव्हन यांनी १९६४ मध्ये मांडले, तेव्हा त्यांचा मूळ हेतू बाळाचा नव्हता. पुढे कोणत्या स्त्रीला मधुमेह होईल, हे ओळखणे हा होता. ज्यांना गरोदरपणात मधुमेह झाला, त्यांना पुढे कायमचा मधुमेह होण्याचा धोका इतर स्त्रियांच्या सात ते दहा पट असतो, असे आजवरच्या अभ्यासांचे एकत्रित अनुमान आहे. वार पडल्यावर साखर उतरते ती भार उतरला म्हणून. स्वादुपिंडाची बेताची शक्ती तशीच राहते. याच धोक्यामुळे सहा आठवड्यांनी पुन्हा ७५ ग्रॅम ग्लुकोजची तपासणी करावयाची असते आणि या वेळी ती उपाशीपोटी. उपाशीपोटी १२६ किंवा दोन तासांनी २०० अथवा अधिक साखर भरली तर मधुमेह. दोन तासांनी १४० ते १९९ भरली तर सावधगिरीचा टप्पा.

या तपासणीला येणाऱ्या स्त्रिया फार थोड्या असतात. सव्वा महिना उलटलेला असतो, लेक माहेरीच असते, डिंकाचे लाडू आणि अळिवाची खीर चालू असते आणि सगळ्या घराचे लक्ष बाळाकडे लागलेले असते. परंतु त्याच दिवसांत एक काम कोणीही विसरत नाही; बाळाची दीड महिन्याची लस. ती तारीख आजीला तोंडपाठ असते. बाळाला लसीसाठी आणावयाचे त्या सकाळी बाळंतिणीने चहा न घेता यावे. ग्लुकोज पिऊन झाल्यावर दोन तास बसण्यात बाळाची लस, वजन आणि दूध पाजणे हे सगळे होऊन जाते. साखर योग्य निघाली तर यापुढे वर्षातून एकदा तपासणी पुरे. पुन्हा दिवस राहिले तर मात्र पहिल्याच भेटीत डॉक्टरांना मागच्या खेपेची गोष्ट सांगावी. बाळाचे हृदय आणि मज्जारज्जू पहिल्या आठ आठवड्यांत घडतात आणि तेवढ्या काळात साखर चढलेली असली, तर व्यंगाचा धोका वाढतो. म्हणून मागचे कार्ड जपून ठेवावे. ते फाटले असेल तर 'मागच्या वेळी शुगर होती' एवढे एक वाक्य, मराठीत किंवा कन्नडमध्ये, पुरे होते.